नसाबापुढे परीक्षण

ज्या त्रैमासिकात मी पुस्तकांची परीक्षणं लिहिते, त्याचे वाचक किती हे संपादकांना विचारायची माझी कधी हिंमत झाली नाही. अंक निघाला की आम्ही प्राध्यापक मंडळी आपलं नाव नीट छापलंय ना एवढं बघतो, एकमेकांना फोन करून अभिनंदन करतो आणि अंक कपाटात ठेवून देतो. कोणी वाचत नाही म्हटल्यावर माणूस हात सैल सोडून लिहितो. माझ्या चुलत बहिणीच्या कादंबरीवर मी लिहिलं, तेही याच भरवशावर.

आमचा बंजाऱ्यांचा तांडा फुलसावंगीच्या पलीकडे आहे. तिथून कॉलेजात शिकवायला लागलेली पहिली मुलगी मी. आणि तिथून पुस्तक छापून आलेली पहिली कोण, असं कोणी विचारलं तर तेही उत्तर मीच होते, पण ते कोणी विचारत नसे. माझे दोन समीक्षाग्रंथ आहेत. दुसऱ्याचे गठ्ठे अजून दिवाणाखाली आहेत आणि घर झाडताना झाडूला लागतात. बहिणीची कादंबरी मात्र आधी मोबाईलवर भागाभागांनी आली, प्रत्येक भागाखाली रडक्या चेहऱ्यांची रांग लागली, मग पुण्याच्या एका प्रकाशकाने तिचं पुस्तक केलं आणि ते खपतच गेलं. ढाणकीच्या बाजारात वह्या-गाईड विकणाऱ्या दुकानात मी ते दोरीला टांगलेलं पाहिलं. दुकानदाराने मला ओळखलं आणि कौतुकाने म्हणाला, “मॅडम, तुमच्या तांड्यातली पोरगी हाय म्हन्ते. एक नंबर लिवते.” मी पिशवी सावरून निघाले. अंगाचा तिळपापड झाला होता.

ते परीक्षण लिहायला मला एक संध्याकाळ पुरली. ‘या कादंबरीतला तांडा खोटा आहे,’ असं पहिलंच वाक्य टाकलं. पुढे अभिरुची आली, कृतक भावविवशता आली, बाजाराच्या मागणीबरहुकूम केलेलं लेखन आलं. नमुना म्हणून एक वाक्यही उतरवून घेतलं. नायिकेचं लग्न तिच्या मनाविरुद्ध ठरतं तेव्हाचं ते वाक्य होतं: ‘आईने डोक्यावरची घागर उतरवली, पण डोळ्यांतलं पाणी काही तिला उतरवता आलं नाही.’ असल्या वाक्यांवर आवृत्त्या निघतात, अशी मल्लिनाथी करून मी परीक्षण पाठवून दिलं आणि त्या रात्री मस्त झोपले.

माझ्या वर्गात आमच्या तांड्यातली एक मुलगी आहे. तिने कॉलेजच्या ग्रंथालयात अंक चाळला, माझं पान दिसलं, म्हणून अभिमानाने फोटो काढून तांड्याच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर टाकला. पोरीचा काही दोष नाही. संध्याकाळी नायकांचा फोन आला. नायक म्हणजे तांड्याचे प्रमुख, नात्याने माझे मामा. आमचं बोलणं गोरबोलीत, आमच्या बंजारा भाषेत झालं, मी इथे वऱ्हाडीत लिहिते.

“बाई, तू लिवलं का आपला तांडा खोटा हाय म्हून?”

“तांडा नाही मामा. पुस्तकातला तांडा.”

“पुस्तकात तं आपलाच हाय ना. घरच्या पोरीनं घरच्या पोरीले भर पंचात खोटं म्हनलं. तुही काकी जेवून नाही राह्यली. रविवारी ये. नसाब बसवतो.”

नसाब म्हणजे आमची पंचायत. आता पोलीस आहेत, कोर्ट आहे, तरी सोयरीक मोडली, ढोरं दुसऱ्याच्या तुरीत शिरली, भावाभावांत बोलणं बंद झालं, असल्या गोष्टी अजून नसाबात येतात. दोन्ही बाजू ऐकायच्या, साक्षी घ्यायच्या, कोण चुकलं ते ठरवायचं आणि गूळ वाटून मोकळं व्हायचं. परीक्षणावरून नसाब बसल्याचं मी जन्मात ऐकलं नव्हतं. हे माझ्या कॉलेजातल्या सहकाऱ्यांना कळलं तर ते पोट धरून हसतील, ही मला पहिली भीती वाटली. दुसरी भीती खरी होती. निवाडा माझ्याविरुद्ध गेला आणि मी तो मानला नाही, तर काकाचं दार मला बंद होणार होतं. आईवडील गेल्यापासून तांड्यात माझं म्हणावं असं तेवढंच एक दार उरलं आहे.

गाडी चालवताना मी मनातल्या मनात भाषणाची तयारी केली. टीका म्हणजे निंदा नव्हे, वगैरे. नसाब देवळापुढच्या ओट्यावर बसला होता. पूर्वी तिथे बायका बसत नसत, बोलावलं तर उभ्या राहत. आता बसतात. होळी जवळ आली होती, म्हणून ऊसतोडीला गेलेली माणसंही परतली होती आणि ओटा भरला होता. बहीण खांबाला टेकून बसली होती. तिने मान वर केली नाही. काकी तिच्याजवळ, पदर तोंडाला लावून.

मी उभी राहिले आणि माझी बोबडी वळली. वर्गात तासभर न थांबता बोलणारी बाई मी. पण माझी सगळी समीक्षा मराठीतल्या जड शब्दांत होती आणि तिथे गोरबोलीत बोलायचं होतं. कृतक भावविवशतेला आईच्या भाषेत काय म्हणायचं? मी शोधत राहिले. शेवटी तोंडातून एकच शब्द निघाला, खोटं.

“खोटं काय हाय ते सांग,” नायक म्हणाले. “मंग पाहू.”

“असं एकेक काढून सांगता येत नाही मामा. सगळ्याचा मिळून परिणाम असतो.”

“ढोरं तुरीत गेले तं कोनाचे ढोरं, कोनत्या धुऱ्या-बांधावरून गेले, ते सांगाच लागते. सगळ्यायचे मिळून नाही चालत.” लोक हसले. नायक हसले नाहीत. “आन आमी तरी काय बोलावं? किताब कोनी वाचली इथं? पोरीपारीयनं वाचली आसन मोबाईलवर. वाचल्याबिगर निवाडा कसा करावा?”

मी पटकन खाली बसले. कारण कादंबरी मीही पुरती वाचली नव्हती. मधल्या, लग्न ठरण्याच्या प्रकरणापर्यंत वाचून, पुढे काय होणार ते कळलंच, असं म्हणून मी ती मिटली होती. आम्हा समीक्षकांत हे चालतं. खपाऊ पुस्तक असेल तर जास्तच चालतं. शिताची परीक्षा करून भाताबद्दल बोलतो, असं आम्ही सेमिनारच्या चहाच्या वेळी एकमेकांना हसत सांगतो. त्या ओट्यावर मला कोणी विचारलं नाही आणि मी सांगितलंही नाही.

नायकांनी ठरवलं की रोज संध्याकाळी जेवणं झाली की पुस्तक सगळ्यांपुढे वाचायचं, ते संपलं की निवाडा. वाचणार कोण? लेखिकेने वाचलं तर ती गोड करून वाचेल. म्हणून जिने नावं ठेवली तिनेच वाचावं. त्यात त्यांना काही विनोद दिसत नव्हता. मी कॉलेजात रजेचा अर्ज दिला. कारण लिहिलं, घरगुती. ते खोटं नव्हतं.

पहिल्या दिवशी मी हजेरी घेतल्यासारखं सपाट आवाजात वाचलं. लोक आपसांत बोलू लागले. एक म्हातारी ओरडली, “अवं, पगार नाही भेटला काय तुले? नीट वाच ना!” ते मला झोंबलं. पुस्तक वाईट ठरलं तर चालेल, पण मी वाईट वाचते असं कोणी म्हटलेलं मला खपत नाही. दुसऱ्या दिवसापासून मी जीव ओतून वाचायला लागले. संवाद आले की आवाज बदलायचे, होणाऱ्या सासूला नाकात बोलायला लावायचे. गर्दी वाढली. शेजारच्या गावातून कापूस-सोयाबीनवाली कुणबी मंडळीही मोटारसायकलवर येऊन मागे उभी राहायला लागली. बहिणीच्या पुस्तकाला मी वाचक मिळवून देत होते आणि मला, सांगायला लाज वाटते, ते आवडत होतं.

तांडा पुस्तक मुकाट्याने ऐकत नव्हता. नायिकेची आई फेटिया-कांचळी, म्हणजे आमची सणासुदीची घागरा-चोळी घालून, अंगभर आरसे लेवून शेतात निंदायला जाते असं आलं, तेव्हा बायकांत हशा पिकला. “वावरात कोन घालते वो ते? घामानं मरन ना बाई!” त्यावर काकीच म्हणाली, “कव्हरावर चांगलं दिसते म्हून घातलं आसन तिनं.” बहीणही खांबाआड हसली. असं काही निघालं की नायक माझ्याकडे बघून मान हलवत, म्हणजे हे एक तुझ्या बाजूला जमा. मला ते जमा नको होतं. माझ्या परीक्षणात मी आरशांचा उल्लेखही केला नव्हता, कारण तेव्हा ते मला खटकलेच नव्हते.

मग घागरीचं वाक्य आलं. पान उलटतानाच मला ते खाली दिसलं होतं. मी ठरवलं की झर्रकन वाचून पुढे जायचं. समोर काकी बसली होती. तिच्या पोरीचं लग्न ठरलं त्या दिवशी काकीने घागर उतरवली होती की नव्हती मला माहीत नाही, मी तिथे नव्हते. पण वाक्याच्या मध्यावर माझी नजर तिच्याकडे गेली आणि ‘डोळ्यांतलं पाणी’ या शब्दांवर माझं वाचणं अडलं. ज्या वाक्याची मी छापून टिंगल केली होती, त्यावर मीच सगळ्यांदेखत रडत होते. कोणीतरी पाण्याचा तांब्या पुढे केला. वाक्य वाईटच आहे, हे मी आजही म्हणेन. उतरवली, उतरवता आलं नाही, ही शब्दांची कसरत आहे. तरी मी रडले आणि मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

त्यापुढचं पुस्तक मीही पहिल्यांदाच वाचत होते. हे लोकांना कळू नये म्हणून दुपारी काकाच्या घरी दार लावून दोन-चार पानं आधी बघून ठेवायचा विचार होता, पण काकीने घरात घेतलं तरी ती माझ्याशी बोलत नव्हती. तिच्या त्या न बोलण्यात मला पान उघडवत नसे. मी नुसती पडून राही.

शेवटच्या दिवशी शेवटचं प्रकरण आलं. लग्नाचा मांडव. नायिका आत बसलेली. तिने शहरातल्या मोठ्या बहिणीला फोन केलेला असतो, मला हे लग्न नको, मला शिकायचंय म्हणून. ही मोठी बहीण कॉलेजात प्राध्यापक. इथे माझी जीभ अडखळली. मी पुढे वाचत गेले. नवरदेवाची गाडी येते. आणि तिच्या मागून धुरळा उडवत एक जीप येते. जीपमधून मोठी बहीण उतरते. भर मांडवात उभी राहून बापाला म्हणते, ‘पोरगी माझी आहे, ती माझ्याबरोबर चालली.’ हाताला धरून नायिकेला जीपमध्ये बसवते. तांडा बघत राहतो. नायिका तिच्या खांद्यावर डोकं ठेवते. कादंबरी संपते.

खरं काय झालं होतं ते ओट्यावरच्या प्रत्येकाला ठाऊक होतं. बहीण बीएच्या दुसऱ्या वर्षाला असताना तिचं लग्न ठरलं. तिने मला फोन केला होता. मी म्हणाले, काका ठरवतात त्यात मी काय पडू, आणि सध्या पेपर तपासणी सुरू आहे. लग्नाला गेले. साडी नेली, अक्षता टाकल्या, जेवले, निघाले. दोन वर्षांनी ती स्वतःच नवऱ्याचं घर सोडून परत आली आणि ओसरीत बसून मोबाईलवर लिहायला लागली. जीप नव्हती. कोणी आलं नव्हतं.

मी पुस्तक मिटलं तेव्हा बायका डोळे पुसत होत्या. काकी उठली, माझ्याजवळ आली, माझ्या तोंडावरून हात फिरवून तिने कानशिलावर बोटं मोडली. इतक्या दिवसांनी पहिल्यांदा माझ्याशी बोलली. “किती चांगली दाखवली वो माह्या पोरीनं तुले.”

मला भरून आलं. बहिणीने मला माफ केलं, असं मला वाटलं. जे मी केलं नाही ते तिने माझ्या नावावर मांडलं, हजारो लोकांपुढे. आणि मी त्या पुस्तकाला बाजारू म्हणाले होते.

नायकांनी घसा खाकरला. “आता सांग बाई. सगळी वाचून झाली. खोटं काय हाय ह्याच्यात?”

उत्तर माझ्या तोंडाशी होतं. एवढी मोठी ठसठशीत खोटी गोष्ट नुकतीच मी स्वतःच्या तोंडाने वाचली होती. धुरा दाखवता येत होता, ढोरं दाखवता येत होती. बहिणीने इतक्या दिवसांत पहिल्यांदा मान वर करून माझ्याकडे सरळ पाहिलं. मला वाटलं, ती विनवते आहे, आता तरी सोड म्हणून.

“काही नाही मामा,” मी म्हणाले. “खोटं काही नाही. माझं चुकलं.”

ओट्यावर सुटकेचा गलका झाला. नायक समाधानाने हसले, निवाडा सोपा झाला होता. गुळाची ढेप फोडली. मी बहिणीच्या तोंडात खडा घातला, तिने माझ्या तोंडात. पोरांनी फोटो काढले. पाच मिनिटांत ते ग्रुपवर गेले असतील. त्या गडबडीत मला एकच जाणवत होतं, की मला फार बरं वाटत आहे आणि हे बरं वाटणं मला ओळखीचं नाही. टीकाकाराला असं बरं वाटायची वेळ कमीच येते.

पांगापांग झाल्यावर आम्ही दोघी घराकडे चालत निघालो. मी तिचा हात धरला. म्हणाले, पुढच्या अंकात मी लिहिते, परीक्षण मागे घेते म्हणून. शेवटच्या प्रकरणाबद्दल खास लिहिते. ते वाचून मला काय झालं तेही लिहिते.

तिने वाटेतला दगड चपलेने बाजूला केला. मग म्हणाली, “बाई, ते प्रकरण पयले नव्हतं.”

“म्हणजे?”

“पयल्या लिखाणात कोनीच येत नाही. ती फोन करते, वाट पाह्यते, मांडवाच्या बाहीर पाह्यत राह्यते, आन लग्न लागून जाते. तेवढंच. प्रकाशक म्हने, असं कोन घेईन? शेवटी कोनीतरी आलंच पाह्यजे. मंग मी तुले आनलं.” तिने हे अगदी साधेपणाने सांगितलं, भाजीत मीठ कमी होतं म्हणून घातलं तसं. “लोकायले तेच आवडलं. पत्रं त्याच्यावरच येते.”

मी तिचा हात सोडला की तिने सोडवून घेतला, मला आठवत नाही. माफी नव्हती ती. पुण्यातल्या कोणा माणसाने सांगितलेली जीप होती. मी परीक्षणात लिहिलेला शब्द न् शब्द बरोबर होता आणि तो मी आत्ताच गुळाबरोबर गिळला होता.

“मंग मले वाटलं,” ती म्हणाली, “जगात एकच मानूस हाय जे हे खोटं पकडन. तुहं परीक्षण येनार म्हून प्रकाशकाकडून कळलं तं मी तुह्या वर्गातल्या त्या पोरीले सांगून फोटो मांगवला. ग्रुपवर तिनं आपल्या मनानं टाकला. दोनदा वाचलं. भाषा वाईट लिवली म्हनते, घागरीले हसते, आन शेवटाचं एक अक्षर नाही. तवाच समजलं मले, की तू तिथपर्यंत वाचलंच नाही.”

मी वाटेतच थांबले. ती चालतच राहिली, म्हणून मी पुन्हा तिच्या मागे निघाले.

“नसाबाले मी काहून हो म्हनलं मंग? मले वाटलं, आता तं वाचाच लागन तिले. वाचन आन सगळ्यायपुढं म्हनन, की हे खोटं हाय, मी आली नव्हती.” तिचा आवाज चढला नव्हता. “आज तं तू पुरी वाचली होती ना बाई?”

ओसरीपाशी काकी ताटं मांडून आमची वाट बघत होती. मला तोंड वर करता येत नव्हतं. बहिणीनेच पुढे होऊन दाराची कडी काढली आणि नेहमीच्या आवाजात विचारलं, जेवून जाशील ना, का पेपर तपासायचे आहेत.